ज्याचा कित्ता गिरवला जातो तो लेखनिक

प्रश्न थोडक्यात असा आहे: एका काल्पनिक जगावरच्या कादंबरीत एक लेखनिक-पंडित आहे. त्याच्या लेखणीने राज्याची घडी बदलली असे कथेतली सगळी माणसे म्हणतात, पण प्रत्यक्ष पानांवर तो पांढऱ्या दाढीचा, कोड्यात बोलणारा म्हातारा होऊन बसतो आणि नायकाच्या हातात नकाशा ठेवून मरतो. त्याचे जन्मापासून मृत्यूपर्यंतचे आयुष्य खरे वाटेल असे कसे उभे करायचे?

मी गेली २२ वर्षे जुन्या पोथ्यांच्या प्रती एकमेकींशी ताडून पाहण्याचे काम करते आणि त्याच्या जोडीने काल्पनिक जगांच्या कथाही लिहिते. या दोन्ही कामांतून माझे एक मत पक्के झाले आहे, ते आधीच सांगते. लेखनिकाचा प्रभाव राजाच्या कानाशी शोधू नका, पोरांच्या कित्त्यात शोधा. राजा सल्ला विसरतो, कधी राजाच गादीवरून जातो. पण कित्ता हाताच्या सवयीत उतरतो आणि ती सवय कोणाकडून आली हेही न कळता पुढच्या हातात जाते. तुमच्या माणसाचे अक्षर, त्याच्या वाक्यांची ठेवण आणि त्याच्या चुकासुद्धा लोक गिरवत बसले, तर त्याने राज्य बदलले हे कोणा पात्राला बोलून दाखवावे लागणार नाही.

इतिहासात याचे दाखले पाहा. मेसोपोटेमियातल्या अक्कडचा राजा सार्गोन याची मुलगी एनहेदुआन्ना ही ऊर नगरातली चंद्रदेवाची मुख्य पुजारीण. इ.स.पू. २३००च्या सुमाराची ही बाई, नावानिशी माहीत असलेली जगातली सर्वांत जुनी रचनाकार मानली जाते. तिच्या स्तोत्रांच्या आज हाती असलेल्या बहुतेक प्रती तिच्यानंतर काही शतकांनी लिहिलेल्या आहेत, आणि त्यातल्या कितीतरी शिकाऊ लेखनिकांनी सरावासाठी ओल्या मातीच्या विटांवर काढलेल्या आहेत. ती टिकली ती पोरांच्या अभ्यासामुळे. युरोपात ७८२ साली फ्रँकांचा राजा शार्लमेन याच्या दरबारी गेलेला इंग्लंडचा विद्वान अल्कुइन पुढे ७९६ला आजच्या फ्रान्समधल्या तूर गावच्या मठाचा प्रमुख झाला. त्या काळात जे सुटसुटीत, गोल, एकमेकांपासून वेगळे उभे राहणारे अक्षर रुजले, ते त्याने शोधले नव्हते, पण त्याच्या मठातून ते फार फार गिरवले गेले. आज इंग्रजीची लहान अक्षरे आपण छापतो ती त्याच वळणाची नातवंडे-पतवंडे आहेत. आपल्याकडे यादवांचा श्रीकरणाधिप, म्हणजे दफ्तराचा मुख्य अधिकारी, हेमाद्री पंडित घ्या. परंपरा मोडी लिपीचे श्रेय त्याला देते. त्यावर अभ्यासकांचे वाद आहेत, पण कोणाला पत्र लिहिताना कोणता मायना घालावा याचे नियम सांगणारे मेस्तकही त्याच्याच नावावर आहे, ही गोष्ट मला जास्त बोलकी वाटते. पत्राची सुरुवात कशी करायची हे ज्याने ठरवले, त्याने कोण मोठा आणि कोण लहान हेही ठरवून टाकले.

म्हणून कादंबरीचे पहिले पान लिहिण्याआधी एवढे ठरवा: तुमच्या जगात मुले लिहायला कशी शिकतात? धूळपाटीवर बोटाने, की मेणाच्या पाटीवर टोचणीने? पहिले वाक्य कोणते गिरवतात? देवाचे नाव, राजाची वंशावळ, की बाजारातल्या मापांची यादी? प्राचीन मेसोपोटेमियातल्या सुमेरमधली शिकाऊ मुले याद्याच याद्या लिहीत. झाडांच्या, दगडांच्या, व्यवसायांच्या. ज्या समाजाची पोरे यादीने सुरुवात करतात त्यांच्या पंडिताची बुद्धी वर्गवारीत चालेल, आणि जिथे स्तोत्राने सुरुवात होते तिथे ती लयीत चालेल. तुमच्या लेखनिकाचे बोलणे कोड्यात असावे की नसावे, हे त्याच्या पहिल्या धड्यावरून ठरू द्या.

आता साहित्याकडे येते. इथे नवे लेखक फार घाईने पुढे जातात, आणि मला वाटते की खरी संपत्ती इथेच पुरलेली असते. लेखनिक कशावर लिहितो यावर त्याचा स्वभाव, त्याचे आजार, त्याचे शत्रू असे सगळे अवलंबून असते. ताडपत्रावर लोखंडी लेखणीने कोरावे लागते आणि मग काजळी चोळली की अक्षर दिसू लागते. पानाच्या धाग्याच्या दिशेने सरळ रेघ जोरात ओढली तर पान फाटते, म्हणून ताडपत्रावर वाढलेल्या दक्षिणेकडच्या लिप्या गोलसर झाल्या असे मानतात. म्हणजे झाडाच्या पानाने अक्षराला वळण लावले. तुमच्या जगात लोक माशाच्या कातड्यावर लिहीत असतील तर त्यांचे अक्षर कसे होईल, याचा विचार करा. कातड्याचा प्रश्न आलाच आहे म्हणून सांगते: इंग्लंडच्या उत्तरेला आठव्या शतकाच्या सुरुवातीला तयार झालेल्या एका अवाढव्य लॅटिन बायबलला ५००च्या आसपास वासरांची कातडी लागली आणि त्या ग्रंथाचे वजन ३४ किलोच्या वर आहे. एवढी गुरे पाळायला कुरणे हवीत, कुरणांना जमीन हवी, जमिनीला राजाची सनद हवी. एका ग्रंथामागे एवढे राजकारण उभे असते. तुमचा पंडित नुसता 'एक ग्रंथ लिहिला' म्हणून सुटू शकत नाही. कोणाच्या गोठ्यातून लिहिला ते वाचकाला दिसले पाहिजे.

शाईचेही तसेच. काजळ आणि डिंक घोटून केलेली शाई कागदाला इजा करत नाही, पण पाण्याने पुसली जाऊ शकते. झाडावरच्या गाठी आणि हिराकस यांची शाई कागदात मुरते, खोडता येत नाही, मात्र काही शतकांत तीच कागद खाऊन टाकते. मी अशी पाने हाताळली आहेत. अक्षराच्या जागी अक्षराच्या आकाराचे भोक. एका जगात लेखनिकांचे दोन पंथ या दोन शायांवरून भांडू शकतात: पुसता येण्याजोगे पण निरुपद्रवी लिहावे, की न पुसता येणारे आणि शेवटी स्वतःलाच खाणारे?

आणि हरताळ. एखाद्या गोष्टीवर हरताळ फासला असे आपण सहज म्हणून जातो. पोथी लिहिताना चूक झाली की लेखनिक तिच्यावर पिवळा हरताळ लावत आणि वाळला की त्यावर नवे अक्षर काढत. हा हरताळ म्हणजे आर्सेनिकचे संयुग. चूक झाकणारा रंग विषारी आहे, ही वस्तुस्थिती कल्पनेपेक्षा सरस आहे. ज्या लेखनिकाला कुंचल्याचे टोक ओठात धरून बारीक करायची सवय आहे आणि ज्याला दुसऱ्यांच्या चुका दुरुस्त करायचे काम दिले आहे, त्याच्या प्रकृतीचे पुढे काय होईल ते तुम्ही लिहा.

शरीर विसरू नका. जुन्या पोथ्यांच्या शेवटी लेखनिकांचे ठरावीक श्लोक येतात. एकात तो म्हणतो की पाठ, कंबर आणि मान मोडली, नजर थिजली, खाली मान घालून मोठ्या कष्टाने हे लिहिले आहे, तेव्हा जपा. दुसऱ्यात म्हणतो, जसे समोर दिसले तसे उतरवले, शुद्ध असो की अशुद्ध, मला दोष देऊ नका. या दोन श्लोकांत एका माणसाचा अख्खा स्वभाव आहे: कष्टाचा अभिमान, आणि जबाबदारीची भीती. तुमच्या पंडिताला चाळिशीतच जवळचे दिसेनासे होईल. चश्मे नसलेल्या जगात ही त्याची पहिली मोठी शोकांतिका असते. त्यानंतर तो दुसऱ्याच्या डोळ्यांवर जगतो. वाचून दाखवणारा एक पोरगा त्याच्या आयुष्यात येतो. तो पोरगा काय वाचतो आणि काय गाळतो, हे म्हाताऱ्याला कळायला मार्ग नसतो. इथे तुम्हाला एक पूर्ण प्रकरण मिळते, तेही तलवारीशिवाय.

जादूबद्दल माझा आग्रह आहे की ती लेखनाचे काम सोपे करणारी नसावी. मंत्र म्हटला आणि ग्रंथाची प्रत निघाली, असे एकदा झाले की लेखनिकाची जात संपली. जादूने काम अवघड करावे. यासाठीही खऱ्या जगात भरपूर आधार आहे. ज्यू परंपरेत तोरा या धर्मग्रंथाच्या गुंडाळीत ३,०४,८०५ अक्षरे असतात आणि एक अक्षर जरी कमी पडले तरी ती गुंडाळी वाचनाला अपात्र ठरते. ईश्वराचे नाव लिहिताना मनात ठरावीक संकल्प हवा, आणि ते नाव एकदा लिहिल्यावर खोडता येत नाही. म्हणून जुनी पाने फेकून न देता एका खोलीत साठवली जात. कैरोच्या जुन्या भागातल्या अशा एका साठ्यातून लाखो तुकडे मिळाले, आणि त्यात पवित्र मजकुराच्या जोडीने हिशेब, पत्रे, लग्नाचे करारही निघाले. प्राचीन इजिप्तमध्ये थडग्यांच्या भिंतींवर लिहिताना साप, सिंह अशा प्राण्यांची चित्राक्षरे कधी कधी मुद्दाम अर्धवट किंवा तुटलेली काढत, म्हणजे ती जिवंत होऊन मृताला इजा करणार नाहीत. अक्षराची भीती बाळगणारे हे लोक होते. तुमच्या जगात ती भीती खरी ठरते असे समजा, आणि मग विचार करा: साप हा शब्द लिहायला शिकवताना गुरू मुलाच्या हाताला काय बांधून ठेवतो?

नियम फार नकोत, एक पुरे, पण त्याचे परिणाम शेवटच्या टोकापर्यंत न्या. ते कसे न्यायचे ते दाखवण्यासाठी एक जग इथेच रचते. त्यात नियम असा: शाई लिहिणाऱ्याच्या आयुष्याएवढीच टिकते. लेखनिक मेला की त्याने आयुष्यभर लिहिलेले सगळे त्याच रात्री कोरे होते.

आता पाहा काय काय होते. दफ्तरखान्यात हुशार मुलांपेक्षा निरोगी मुलांना मागणी येते. महत्त्वाचे तह आणि जमिनीची खते अठरा-वीस वर्षांच्या पोरांकडून लिहवून घेतात, आणि सत्तर वर्षांच्या विद्वानाच्या हाती येतात धुण्याच्या याद्या. खोकला झालेल्या लेखनिकाच्या दारात सावकार येऊन बसतात. कर्ज बुडवायचे असेल तर खत जाळावे लागत नाही, ज्याने ते लिहिले त्याला नदीत ढकलले की झाले. म्हणून लेखनिकांना पहारा मिळतो, मग तटबंदी, मग मोकळेपणी बाहेर जायची बंदी. मान वाढत जातो तशी कैदही वाढते. जुने ग्रंथ असे काही नसतेच; प्रत्येक ग्रंथ कोणत्या ना कोणत्या जिवंत माणसाच्या श्वासावर टिकलेला असतो, आणि दर तीस-चाळीस वर्षांनी तो कोणीतरी नव्याने उतरवून घ्यावा लागतो. काय उतरवायचे आणि काय राहू द्यायचे, हे ठरवणारा माणूस राजापेक्षा मोठा होतो आणि त्याच्याकडे कोणाचे लक्षही जात नाही.

या जगात आपली लेखनिक एक मुलगी ठेवू. नाव तुम्ही द्या. तिला निवडले ते तिच्या घराण्यात सगळे नव्वदी ओलांडतात म्हणून. अक्षर तिचे वाईट होते. घ काढताना तिचा हात वरच्या वळणाला आखडायचा आणि तो ध सारखा दिसायचा. गुरूने तिला या एका अक्षरासाठी दोन वर्षे धूळपाटीवर बसवले, तरी ते पूर्ण सुधारले नाही. हे अक्षर लक्षात ठेवा.

चुकांबद्दल बोलायची वेळ इथे आली, आणि हा माझ्या रोजच्या कामाचा भाग असल्याने थोडे थांबून सांगते. लेखनिकाच्या चुका मनमानी नसतात, त्यांना कारणे असतात. बघून लिहिणाऱ्याच्या चुका डोळ्याच्या असतात: दोन ओळी एकाच शब्दाने संपत असतील तर नजर पहिलीवरून दुसरीवर घसरते आणि मधली ओळ गळते. ऐकून लिहिणाऱ्याच्या चुका कानाच्या असतात: श आणि स, ण आणि न. देवनागरीत घ-ध, भ-म, प-य, आणि ख च्या जागी र-व ही नेहमीची फसवी ठिकाणे. मोडीत तर आधी कागदाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत रेघ ओढून घेत आणि अक्षरे तिला लटकवत, शब्द कुठे तुटतो ते वाचणाऱ्याने ठरवायचे. शब्द चुकीच्या जागी तोडला की आज्ञेचा अर्थ फिरतो. कथेत भविष्यवाणी चुकीची वाचली गेली असे दाखवायचे असेल तर ती अशा खऱ्या कारणाने चुकू द्या. मूळ वाक्य 'उत्तरेकडून घन येईल' असे होते. प्रतीत ते 'धन येईल' झाले. नगराने उत्तरेची वेस सताड उघडी ठेवली, आणि पूर आला. वाचकाला ही चूक स्वतःच्या डोळ्यांनी तपासता येते, म्हणून ती त्याला पटते.

मात्र उलट बाजूही दाखवा. जाणता पंडित जेव्हा 'चूक' दुरुस्त करतो तेव्हा तो जास्त नुकसान करू शकतो. कामाला लागून चार-पाच वर्षे झाली असताना मी एका पोथीतला एक विचित्र शब्द हस्तदोष समजून बदलला आणि त्या जागी सोपा, अर्थपूर्ण शब्द घातला. पुढे तिच्याहून जुनी प्रत हाती आली. तिच्यात तोच विचित्र शब्द होता, आणि तो एका विसरल्या गेलेल्या शेतीच्या अवजाराचे नाव होता. तो शब्द मी जवळजवळ पुसून टाकला होता. तेव्हापासून अवघड पाठ दिसला की मी त्याला आधी जुना मानते आणि मग संशय घेते. तुमच्या लेखनिकाच्या आयुष्यात असा एक शब्द असू द्या. त्याने तारुण्यातल्या आत्मविश्वासात बदललेला, आणि म्हातारपणी त्याला झोपू न देणारा.

मराठीत या सगळ्या कामाचा एक सुंदर नमुना आहे. ज्ञानेश्वरीच्या शेवटी शके १२१२, म्हणजे १२९० साल येते आणि सच्चिदानंद बाबा आदराने लेखक झाले असे सांगितले जाते. तिथे 'लेखक' म्हणजे लिहून घेणारा. त्यानंतर जवळजवळ तीनशे वर्षांनी, १५८४ साली, एकनाथांनी वेगवेगळ्या प्रतींत शिरलेले पाठ पाहून ग्रंथ शुद्ध केला, आणि पुढे कोणी यात आपली ओवी घालील तर ते अमृताच्या ताटात नरोटी ठेवल्यासारखे होईल, असे बजावून ठेवले. एवढा मोठा कवी, स्वतः हजारो ओव्या लिहिणारा, आणि इथे त्याने आपला हात आखडून धरला. प्रभावी लेखनिकाच्या आयुष्यात हा क्षण मला सर्वांत नाट्यमय वाटतो. त्याला मूळापेक्षा चांगले लिहिता येते, कोणाला कळणारही नाही, आणि तो लिहीत नाही. किंवा लिहितो. तुमचा पंडित कोणत्या बाजूला पडतो हे ठरल्याशिवाय तुम्हाला तो माहीत झाला असे समजू नका.

दरबाराकडे मी फार वेळ घालवणार नाही, कारण तो भाग बहुतेकांना जमतो. एवढेच सांगते की लेखनिकाला राजाच्या जवळ असण्याची किंमत मोजावी लागते आणि ती बहुधा शरीराने मोजावी लागते. बगदादचा इब्न मुक्ला तीन खलिफांचा वजीर होता आणि अरबी अक्षराला त्याने ठिपक्यांच्या मापावर बसवले. राजकारणात पडल्यावर त्याचा उजवा हात तोडला, आणि ९४० साली तो कैदेत मेला. तुटल्या हाताला लेखणी बांधून तो लिहीत राहिला असे सांगतात. चीनमध्ये इतिहासकार सिमा छियानने पराभूत सेनापतीची बाजू घेतली म्हणून त्याला खच्चीकरणाची शिक्षा झाली. मरण पत्करणे त्या समाजात मानाचे होते, पण हाती घेतलेला इतिहास अपुरा होता म्हणून त्याने अपमान पत्करला आणि १३० प्रकरणे पुरी केली. एक प्रत डोंगरात आणि एक राजधानीत ठेवायची, हेही त्याने लिहून ठेवले. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी यांच्याबद्दल गोष्ट सांगतात की एकदा पत्र लिहायला वेळ मिळाला नाही, तेव्हा त्यांनी कोरा कागद हातात धरून सगळे पत्र घडाघड वाचून दाखवले. महाराजांच्या मागे वारसाहक्काचे कारस्थान माजले आणि १६८१ साली त्यांना देहदंड झाला. कोऱ्या कागदावरून वाचणारा हात किती जवळचा असतो आणि म्हणून किती धोक्याचा, हे त्या एका गोष्टीत दिसते. या तिघांत एक गोष्ट सारखी आहे: कोणीही 'ज्ञानी म्हातारा' म्हणून कोपऱ्यात बसून नव्हता. त्यांना काहीतरी हवे होते.

ग्रंथालय जाळण्याचा प्रसंग मात्र टाळा, असे मी मनापासून सांगते. एक तर तो फार वेळा येऊन गेला आहे. दुसरे म्हणजे जाळण्याने नेहमी नाश होतोच असे नाही. इ.स.पू. ६१२मध्ये असीरियाची राजधानी निनेवे पडली आणि जळली, तेव्हा तिथला आधीचा राजा असुरबनिपाल याच्या संग्रहातल्या कच्च्या मातीच्या अनेक विटा आगीत भाजून उलट पक्क्या झाल्या. आज तिथले सुमारे ३०,००० तुकडे आपल्याकडे आहेत. ग्रंथ मरतात ते बहुतेक वेळा शांतपणे, कोणी प्रत न केल्याने. ताडपत्रावरून कागदावर येताना, गुंडाळीवरून बांधीव पोथीवर येताना, एका लिपीवरून दुसरीवर जाताना दर वेळी कोणीतरी ठरवते की हे घेऊ, हे राहू दे. राहू दिलेले शंभर वर्षांत वाळवी नेते. आणि जपण्याच्या हट्टाचीही किंमत असते. महानुभावांनी आपले ग्रंथ जपण्यासाठी चौदाव्या शतकात सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्या वापरल्या. लीळाचरित्राची मूळ पोथी स्वारीच्या धामधुमीत हरवली आणि अनुयायांनी ती आठवणीतून पुन्हा उभी केली, त्या अनुभवातून गेलेली ही माणसे. ग्रंथ टिकले, पण पंथाबाहेरच्या मराठी वाचकाला ते विसाव्या शतकापर्यंत जवळजवळ बंद राहिले. जपलेले आणि वाचलेले यातला हा ताण तुमच्या पंडिताच्या आयुष्यभर पुरेल.

आपल्या त्या मुलीकडे परत येते. ती आता साठीची आहे. तिच्या घराण्याच्या आयुष्यावर भरवसा ठेवून राज्याचा सगळा कायदा तिच्याच हाताने लिहवून घेतला आहे. बावीस दालने, सगळीकडे तिचे अक्षर. ती तटबंदीच्या आत राहते, तिच्या जेवणाची चव आधी दुसरे कोणीतरी घेते, आणि तिने चाळीस वर्षांत नदी पाहिलेली नाही. तिला कळते की ती मेली त्या रात्री कोणाचे शेत कोणाचे हेही नाहीसे होईल, आणि ज्यांच्याकडे त्या आधी नक्कल करून घेण्याइतके लेखनिक आहेत त्यांचेच शेत उरेल. पाच-सात सरदार तिच्या मरणाची तयारी शांतपणे करत आहेत. मारायचे कोणीच म्हणत नाही, वाट पाहणे पुरेसे आहे.

मग ती काय करते? बंड करत नाही, राजाला सल्ला देत नाही. लहान मुलांसाठी कित्ते तयार करून देण्याचे किरकोळ काम ती मागून घेते. म्हाताऱ्या बाईची हौस म्हणून ते तिला मिळतेही. आजवरच्या कित्त्यांत राजाची वंशावळ असे. ती त्या जागी कायद्याचे एक एक कलम घालते, लहान वाक्यांत मोडून, लयीत बसवून. 'विहीर खणली त्याची, पाणी गावाचे.' असे. मुले ते गिरवतात, शंभर शंभर वेळा, स्वतःच्या हाताने. ज्या हाताने लिहिले तो हात जगेल तोवर ते टिकेल, आणि हे हात आठ-आठ वर्षांचे आहेत. बारा वर्षांत सगळा कायदा राज्यातल्या पोरांच्या वह्यांतून विखरून जातो. सरदारांना ते दिसत असते, पण पोरांचा सराव म्हणून कोणी उघडून पाहत नाही.

हे जग मी इथे उदाहरणादाखल रचले आहे, तुम्ही ते उचलावे असा आग्रह नाही. पण यात काय केले ते पाहा. एक नियम घेतला, त्याने शरीराला किंमत दिली, शरीराने कैद आणली, कैदेने तिला एकच मार्ग ठेवला, आणि तो मार्ग तिच्या रोजच्या कामातूनच निघाला. तिला थोर म्हणणारे एकही वाक्य लागले नाही. तुमच्या पंडिताची कथा अडते आहे ती बहुधा यासाठी की त्याचे थोरपण त्याच्या कामाबाहेरून येते आहे: दैवी दर्शन, गुप्त वंश, प्राचीन मंत्र. त्याला लेखणी घेऊन बसवा. सकाळी उत्तरेकडच्या उजेडात तो किती ओळी लिहितो, बोरूचे टोक किती ओळींनी बोथट होते, ऊन कलले की कोणते काम हाती घेतो, चूक झाली की आधी इकडेतिकडे पाहतो की आधी खोडतो. असा एक दिवस सलग लिहून काढा, छापायला नसला तरी. मी दर वेळी तो लिहिते. त्यातली एखादीच ओळ कथेत जाते, पण त्या दिवसानंतर पात्र माझ्याशी खोटे बोलत नाही.

मृत्यूचे प्रकरण लिहाल तेव्हा त्याच्या उशाशी राजाला बसवू नका. आपल्या बाईच्या बाबतीत मी ते असे लिहिले असते: ती पहाटे जाते. बावीस दालनांत पाने एकामागून एक कोरी होत जातात, आणि पहारेकरी दिवे घेऊन धावतात. सकाळी एका लांबच्या गावात, विहिरीवरच्या तंट्यात, कोणीतरी आपल्या मुलीची वही आणून पंचांपुढे ठेवते. वहीतले अक्षर जागच्या जागी आहे. पंच वाचताना एका शब्दाशी अडखळतो, कारण घ आणि ध यांतला फरक लागत नाही. तो पोरीला विचारतो, हे कोणते अक्षर? ती म्हणते, घ. आमच्याकडे असाच काढतात.